न बोललेलं रीळ

गेल्या वर्षी, घरोघरी काकी नावाची केशरी फळं सोलून वळचणीला सुकत टांगली होती त्या दिवसांत, मला पश्चिमेकडून एक पत्र आलं. मी त्याला उत्तर दिलं नाही. एरवी मी पत्रांना उत्तरं देणारा माणूस आहे. जुन्या पुस्तकांच्या दुकानदाराला ते करावंच लागतं, आणि समोरासमोर बोलण्यापेक्षा मला ते सोपंही जातं. पण हे पत्र मी मोठ्या शब्दकोशाखाली सरकवून ठेवलं, आणि मग तो शब्दकोश उघडायचाही बंद केला.

पत्र लिहिणारे कुनिशिगे नावाचे शिक्षक होते. ज्या प्रांताच्या फौजांनी शंभर वर्षांपूर्वी आमचा किल्ला घेतला, त्याच प्रांतातल्या एका शहरात ते राहतात. तिथल्या एका देवळाच्या माळ्यावर एका जुन्या मूकपटाची रिळं सापडली होती. शोगुनांची सत्ता गेली, सामुराईंचं राज्य संपलं, त्या काळावरचा चित्रपट. त्याच्या शेवटच्या रिळात उत्तरेकडचा एक किल्ला शरण येतो. नव्या राजवटीच्या शताब्दीनिमित्त, येत्या वर्षाच्या अखेरीस, ते हा चित्रपट दाखवणार होते. त्यांनी लिहिलं होतं: ‘हे रीळ चालू असताना आपल्या गावच्या बेन्शीने असं काही निवेदन केलं की त्याचा परवाना काढून घेतला गेला, असं ऐकतो. ते शब्द आपणास ठाऊक असल्यास कृपया कळवावेत. आम्ही ते इथे जसेच्या तसे म्हणू इच्छितो. शंभर वर्षं आम्ही फक्त आमचेच शब्द ऐकले आहेत.’

ते शेवटचं वाक्य वाचून माझं डोकं फिरलं. मी रागावतो तेव्हा कुणाला कळत नाही. माझे फक्त कान लाल होतात. शताब्दी म्हणे! आमच्या गावात त्या शब्दाला कुणी शिवत नाही. आम्ही म्हणतो, ‘किल्ला पडला त्याला शंभर वर्षं.’ अजूनही त्या प्रांतातलं स्थळ सांगून आलं तर आमच्याकडची म्हातारी माणसं चहाचा पेला पालथा घालून उठून जातात. आणि हे गृहस्थ आता आमचे शब्द मागत होते. आधी किल्ला घेतला, आता शब्द!

पण उत्तर न देण्याचं खरं कारण वेगळंच होतं. शेवटच्या रिळाच्या वेळी बेन्शी काय बोलला, ते साऱ्या गावाला ठाऊक होतं. आणि मला ठाऊक होतं की तो काहीच बोलला नव्हता.

त्या काळी चित्रपट मुके होते, पण चित्रपटगृह मुकं नव्हतं. पडद्याच्या डाव्या हाताला बेन्शी उभा राहायचा, आणि पडद्यावरचे सरदार, चोर, विधवा, घोडेसुद्धा त्याच्या एकट्याच्या गळ्यातून बोलायचे. लोक नटांना बघायला येत नसत, बेन्शीला ऐकायला येत. आमच्या तोमोए नाट्यगृहाचा बेन्शी कुरोइवा राइसेन. देहाने आडवा, बोलता बोलता घामाने भिजणारा, पण आवाज असा की विधवेचं बोलणं म्हणताना बायका स्वतःच्या बाह्यांनी डोळे पुसायच्या. त्याला अवघड अक्षरं वाचता येत नसत. चित्रपट कंपनीकडून निवेदनाचं पुस्तक यायचं ते मी सोप्या अक्षरांत उतरवून द्यायचो. माझं दुकान नाट्यगृहाला लागूनच होतं. माझं नाव निवा, पण दुकान पुस्तकांचं म्हणून सगळे मला मास्तर म्हणतात. मी कधी कुणाला काही शिकवलेलं नाही.

निवेदनाचा शब्दन् शब्द आधी पोलिसांकडे जायचा आणि शिक्का घेऊन परत यायचा. शिवाय प्रत्येक खेळाला मागच्या बाजूला, उंच खुर्चीवर, एक पोलीस बसायचा. बेन्शीने शिक्क्याबाहेरचा शब्द उच्चारला की तो ओरडायचा, ‘बेन्शी, गप्प!’

तो चित्रपट आला तेव्हा राइसेन शेवटच्या रिळाचे कागद घेऊन माझ्या दुकानात आला.

“मास्तर, हे ऐका. ‘पाहा, उत्तरेच्या अंधारातही पहाट झाली! पराभूत सरदाराच्या डोळ्यांत कृतज्ञतेचे अश्रू!’ हे मी म्हणू? मी? माझी आजी त्या किल्ल्यात होती हो. भाताच्या गोळ्यांवर राख पडायची, ती झटकून खायची, सांगायची.”

“शिक्का आहे त्यावर,” मी म्हणालो.

“मग बदला की.”

“बदललं तर शिक्का उरत नाही.”

“मग करू काय?”

मी शिक्का पुन्हा नीट पाहिला. राइसेनने कागदांची गुंडाळी करून माझ्या डोक्यावर हलकेच मारली आणि हसत निघून गेला.

दुपारचा खेळ होता. खाली चटयांवर पाय ठेवायला जागा नव्हती. पुढच्या चटया किल्ल्यात वेढा सोसलेल्या म्हाताऱ्या बायकांसाठी राखल्या होत्या. त्या तेव्हा सत्तरी ओलांडलेल्या, वेढ्यात दहा-बारा वर्षांच्या पोरी होत्या. वरच्या सज्ज्यात सावकारी पेढ्यांचे आणि साके दारूच्या भट्ट्यांचे मालक. मी वाद्यांशेजारी, झाकलेल्या दिव्यापाशी बसलो होतो. शामिसेन वाजवायला राइसेनची मुलगी ओत्सुने होती, एकोणीस-वीसची.

चित्रपट वाईट होता असं मी म्हणणार नाही. तलवारबाजी छान होती. पण शेवटच्या रिळात किल्ल्याच्या दारातून पांढरं निशाण बाहेर आलं. मोठं, कोरं करकरीत, एका पन्ह्याचं. त्यामागून आमचा सरदार आला. नाव बदललं होतं, पण पडद्यामागे रंगवलेला डोंगर आमचाच होता. तो गुडघ्यांवर बसला आणि पश्चिमेच्या तरण्या नायकाने त्याला खांद्याला धरून उठवलं. सरदार हसला. आता राइसेनने म्हणायचं होतं: पाहा, उत्तरेच्या अंधारातही पहाट झाली.

राइसेनने डाव्या हाताची दोन बोटं खाली केली. वाद्यं थांबवा, अशी ती खूण. ओत्सुनेने तारांवर तळवा ठेवला. पेटीवाला थांबला, ढोलवाला थांबला. राइसेन पंखा मिटून, मान ताठ करून उभा राहिला. यंत्राची खडखड तेवढी चालू होती.

मग पुढच्या चटईवरून ओशिगे म्हातारीचा आवाज आला, बाजारात भाव विचारावा तसा.

“अगं बाई! एवढं पांढरं कापड कुठून आणलं यांनी?”

कुणीतरी हसलं. दुसरी म्हणाली, “इस्त्री केलीय बघ.”

“आपल्याकडचं पांढरं सगळं जखमांना बांधलं होतं, मेल्यांनो! चिंध्या जोडून शिवलं होतं ते निशाण!”

“माझ्या आईच्या परकराचा तुकडा होता त्यात. डागाची बाजू आत घेतली होती. शिवता शिवता रडत होत्या बाया, सुई दिसत नव्हती.”

“आणि हा हसतोय कशाला? कोण हसलं होतं तिथे? सांगा ना, कोण हसलं होतं?”

हे शेवटचं ओशिगेने उभी राहून विचारलं, पडद्याला. तिची सावली सरदाराच्या तोंडावर पडली.

मागे पोलीस उठला. त्याला एकच हुकूम पाठ होता, गप्प बसण्याचा, आणि बेन्शी तर गप्पच होता. त्याने तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं.

“बेन्शी, बोल!”

राइसेनने त्याच्याकडे वळून कमरेत वाकून नमस्कार केला आणि पुन्हा ताठ उभा राहिला.

“बोल म्हणतो ना! शिक्क्याचे शब्द बोल!”

ओशिगे मागे वळली. “तो कशाला बोलेल? आम्ही बोलतोय ना. तू बस खाली, पोरा.”

तेवढ्यात वरच्या सज्ज्यातून खडावांचा खडखडाट सुरू झाला. मालक मंडळी जिन्यावरून उतरत होती, एकमेकांना ढकलत. दिवे लागले तेव्हा सज्जा रिकामा होता.

मंजूर शब्द गाळले म्हणून राइसेनचा परवाना गेला. परत मिळावा म्हणून अर्ज लिहायला मी बसलो, पण गावातल्या प्रतिष्ठितांच्या सह्या लागत होत्या आणि एकही मिळाली नाही. पुढे बोलपट आले आणि परवान्याला अर्थच उरला नाही. राइसेनने शेवयांचं दुकान काढलं. तिथेही गिऱ्हाइकांना सरदाराच्या आवाजात विचारायचा, “कांदा घालू?” महायुद्ध संपायच्या आधीच तो गेला.

हे सगळं जवळजवळ चाळीस वर्षांपूर्वीचं. मग हळूहळू, कुणी ठरवून केलं नसेल, पण गावाला एक भाषण आठवू लागलं. राइसेन त्या दिवशी गरजला. राइसेनने पश्चिमवाल्यांना चोर म्हटलं. न्हाव्याच्या दुकानात भाषण दोन वाक्यांचं होतं, स्नानगृहात पाच. जे तेव्हा जन्मले नव्हते त्यांनाही ते पाठ होतं. ओशिगे आणि चटईवरच्या बाकीच्या एकेक करून गेल्या आणि त्यांचं बोलणं त्यांच्याबरोबर गेलं.

ह्या वसंतात स्मारक मंडळाच्या बैठकीचं मला बोलावणं आलं. अध्यक्ष हिरागा, साकेच्या भट्टीचे मालक. किल्ल्याच्या खंदकाशी राइसेनच्या नावाची शिळा उभारायची आणि तीवर त्याचं भाषण कोरायचं, असं ठरलं होतं. हिरागांनी उभं राहून मजकूर वाचला. त्यांचा आवाज चांगला आहे.

“‘जरीचे झेंडे मिरवणाऱ्या चोरांनो! तुम्ही आणलेली पहाट तुमच्याच घरी न्या! उत्तरेची तलवार मोडेल, मान वाकणार नाही!’”

टाळ्या झाल्या. एक म्हातारा म्हणाला, “‘कुत्र्यांनो’ असं पण म्हणाला होता तो. मी ऐकलंय.”

“‘कुत्र्यांनो’ दगडावर बरं दिसत नाही, काका,” हिरागा म्हणाले. मग माझ्याकडे वळले. “निवासान, राइसेनचे कागद तुम्ही तयार करायचा. ते कागद पाहिलेले आज तुम्हीच उरलात. खाली तुमची सही हवी, की मजकूर खरा आहे. आणि त्या कुनिशिगेने मंडळालाही लिहिलंय. त्याला हेच पाठवू. झोंबू दे चांगलं.”

“जरा... बघतो,” मी म्हणालो, आणि कागद घेऊन घरी आलो.

इतकी माणसं एक सांगतात आणि मी एकटा दुसरं. मी तर काल चष्मा कुठे ठेवला ते विसरणारा माणूस. त्या अंधारात माझं लक्ष कागदांवर होतं. राइसेन बोलला असेल आणि मीच पुस्तकी माणूस, कागदावर नाही म्हणून ऐकलं नसेल. असा विचार करत मी दोन रात्री काढल्या. मग ओत्सुनेच्या दुकानात गेलो. बापाचं दुकान आता तीच चालवते. कणीक मळत होती. मी तिच्यासमोर कागद ठेवला. तिने हात न पुसता वाचला आणि कडांवर पीठ लागलं.

“हे कुणी लिहिलं?”

“मंडळाने.”

“तुम्ही सही केलीत?”

“अजून नाही. ओत्सुनेसान, मला नीट आठवत नाही... तो काही बोलला होता का?”

तिने कणकेवर मूठ आपटली. “मास्तर, दोन बोटं खाली केली होती बाबांनी! माझा तळवा तारांवर होता. चूक केली की घरी छडी मिळायची मला, ती खूण मी विसरेन? तुम्ही शेजारी बसला होतात. तुमच्या हातात ‘पहाट झाली’चा कागद होता आणि तो तुम्ही गुंडाळत होतात, त्याचा आवाज मला ऐकू येत होता!”

“मग मी चुकत नव्हतो तर.”

“चुकत नव्हता, पण करत काय होता? तुम्ही मागे सांगितलं होतंत ते पत्र येऊन सहा महिने झाले, आणि तुम्ही तोंडात मिठाची गुळणी धरून बसलात. अंडी उबवताय त्यावर?”

“राग आला होता मला. त्यांना आमचे शब्द कशाला हवेत?”

“तुमचे? तुमचे कुठले? ते ओशिगे आजीचे आहेत.” तिने कागद माझ्याकडे ढकलला. “आणि हे कुणाचे आहेत ठाऊक आहे? बाबांच्या अर्जावर सही मागायला मी आईला घेऊन हिरागांच्या दारात उभी होते. हेच हिरागा, तेव्हाचे धाकटे मालक, आतून बाहेर आले. म्हणाले, वडील घरी नाहीत. आत वडिलांचा खोकला ऐकू येत होता. तेव्हा एका सहीची हिंमत नव्हती, आणि आता दगडावर सिंह झालेत! मेलेल्या माणसाच्या तोंडी स्वतःची डरकाळी कोंबतात! चला.”

“कुठे?”

“मंडळात. आज बैठक आहे. कणीक मुरेपर्यंत येऊ परत.”

ती ॲप्रनवरच निघाली. मी मागून. वाटेत मी तिला म्हणालो की मला जमणार नाही, मी लिहून देईन. ती म्हणाली, “लिहा हो, पण पुढे चाला.”

बैठकीत सगळे शेगडीभोवती बसले होते. ओत्सुने दारातच उभी राहिली.

“हिरागासान, त्या खेळाला तुम्ही कुठे बसला होतात?”

“वर. सज्ज्यात,” हिरागा म्हणाले. “या, या, बसा. तुमच्या वडिलांचीच शिळा—”

“म्हातारी उभी राहिली तेव्हा तुम्ही सज्ज्यात होतात, की जिन्यावर?”

कुणी चहाचा पेला खाली ठेवला. हिरागांचं हसू तसंच राहिलं, फक्त त्यातला जीव गेला.

“ओत्सुनेसान, आम्ही तुमच्या वडिलांचा मान करतोय. तुम्हाला नको आहे का?”

“ते बोलले नाहीत. गप्प राहिले म्हणून त्यांची रोजी गेली. तो मान तुम्ही काढून घेताय आणि वर तुमचा चिकटवताय. बोलल्या त्या बाया. आणि पळाले ते तुम्ही लोक.”

“कोण पळालं? तोंड सांभाळून बोल!” कोपऱ्यातला ‘कुत्र्यांनो’वाला म्हातारा ओरडला. “मी कानांनी ऐकलंय त्याला!”

“काका, तुम्ही तेव्हा होक्काइदोला मासे पकडत होता,” ओत्सुने म्हणाली. दोघं-तिघं हसले आणि लगेच थांबले.

हिरागा माझ्याकडे वळले. आवाज मऊ केला. “निवासान, तुम्ही शिकलेले. तुम्हीच सांगा. गप्प राहिलेला माणूस दगडावर कसा कोरायचा? लोक बघायला येणार, पोरं शाळेच्या सहलींतून येणार. त्यांना काय दाखवू, कोरा दगड? शंभर वर्षं आपण मान खाली घालून आहोत. एकदा तरी आपलं कुणी गरजलं, असं असायला नको?”

मला त्यांचं म्हणणं कळत होतं, हेच वाईट. तसं असायला मलाही हवं होतं. पण माझे कान तापले होते आणि ह्या वेळी राग पश्चिमेवर नव्हता. मी म्हणालो,

“तो काही बोलला नाही.”

“काय? मोठ्याने बोला.”

“राइसेन काही बोलला नाही. मी सही करणार नाही.” मग, आपण हे म्हणतोय यावर विश्वास न बसता, मी पुढे म्हणालो, “आणि तुमच्याकडून अर्जावर सही मागायला मीही आलो होतो, हिरागासान. तुम्ही मला भट्टीच्या मागल्या दाराने काढलंत.”

बोलता बोलता माझा पाय कुणाच्या तरी पेल्याला लागला, चहा चटईवर सांडला. माझं बोलणं संपलं ते असं. हिरागांनी शांतपणे नोकराला फडकं आणायला सांगितलं. मग म्हणाले, “ठीक आहे. सहीवाचून चालेल.”

आणि चाललं. शिळा उन्हाळ्याच्या अखेरीला उभी राहिली. मजकूर तोच. अनावरणाला गावचा बँड होता. मला बोलावणं नव्हतं. ओत्सुनेला होतं, ती गेली नाही. मुलं आता ते भाषण पाठ म्हणतात. माझ्या दुकानासमोरून जाताना परवा दोघं तलवारीसारख्या छत्र्या उगारून ओरडत होते, “पहाट तुमच्याच घरी न्या!” चांगलं म्हणत होते. मला तेव्हाही राग आला, आणि मुलांवर काढता येत नाही म्हणून मी शब्दकोश उचलला आणि त्याखालचं पत्र बाहेर काढलं.

उत्तर लिहायला सारा दिवस गेला. मी लिहिलं:

‘कुनिशिगे महाशय, उत्तराला उशीर झाला. आमच्या मंडळाकडून आपल्याला एक भाषण आलं असेल. ते राइसेनचं नाही. शेवटच्या रिळाला शब्द नाहीत. निशाण दिसलं की आपल्या बेन्शीने गप्प राहावं आणि वाद्यं थांबवावीत. आमच्याकडे त्या शांततेत बायका काय म्हणाल्या, ते खाली देतो आहे. ते कुणी मंचावरून म्हणू नये, नाटकी वाटेल. हवं तर छापून वाटावं. आपल्या सभागृहात त्या वेळी कुणी काही बोललं तर बोलू द्यावं, कुणीच बोललं नाही तर शेवटपर्यंत तसंच बसावं. आपल्या पत्रातलं शेवटचं वाक्य मला आवडलं नाही. शंभर वर्षं आपण फक्त आपलेच शब्द ऐकलेत, त्याची कीव आम्ही का करावी? ऐकायला आपल्याला कुणी अडवलं नव्हतं. तरी आपण विचारलंत. आमच्या गावाने तेवढंही केलेलं नाही.’

खाली बायकांची वाक्यं लिहिली, आठवली तशी. मग घेऊन ओत्सुनेकडे गेलो. गिऱ्हाईक नव्हतं. तिने दोनदा वाचलं.

“‘कीव’ जरा जास्त झालं का?” मी विचारलं.

“राहू दे. पण हे चुकलंय. ‘तू बस खाली’ इतकंच नव्हती म्हणाली आजी. ‘पोरा’ म्हणाली होती. ‘तू बस खाली, पोरा.’”

मी तिच्याच पेन्सिलीने ‘पोरा’ घातलं. पेन्सिलीचं बरं दिसत नव्हतं. मी म्हणालो, घरी जाऊन पुन्हा स्वच्छ उतरवतो.

“म्हणजे परत शब्दकोशाखाली,” ओत्सुने म्हणाली. तिने पाकीट माझ्या हातातून घेतलं, कडेला जीभ फिरवली आणि पिठाच्या हाताने चिकटवलं. मग दुकान उघडं टाकून पोस्टाच्या पेटीपर्यंत माझ्याबरोबर आली.

“टाका. नाहीतर मी टाकते.”

मी टाकलं.